परवडत नसेल तर विरारला जा म्हणे

म्हाडाची सोडत निघाली की आमच्या दादर-नायगावच्या ग्रुपवर तोच वाद सुरू होतो आणि कोणीतरी लिहितंच, मुंबईत परवडत नसेल तर विरार-बदलापूरला जा ना, सरकारने घरं का द्यायची. लिहिणारे बीडीडी चाळीतल्या १६० चौरस फुटांत वाढलेले, सरकारच्याच खोलीत, आणि आता पुनर्विकासात ५०० फुटांचं मालकीचं घर त्यांना मोफत मिळणार आहे. डोकं फिरतं माझं.

इथे सिंगापूरमध्ये दहातले जवळपास आठ लोक एचडीबीत, म्हणजे सरकारने बांधलेल्या घरांत राहतात. माझ्या टीममधल्या पोराने लग्नाआधीच गर्लफ्रेंडसोबत बीटीओला, म्हणजे अजून बांधायच्या नव्या एचडीबी घराला अर्ज टाकला, हप्ता सीपीएफमधून, म्हणजे इथल्या पीएफमधून जाईल. ड्रॉ इथेही असतो, पण नंबर हुकत गेला तर पुढे चान्स वाढवून देतात. मुंबईत २०२४ला २,०३० घरांसाठी लाखावर अर्ज, आणि नाही लागलं की पुढच्या वेळी परत पहिल्यापासून.

आणि इथे आईवडिलांपासून चार किलोमीटरच्या आत रीसेल, म्हणजे आधीच्या मालकाकडून एचडीबी घर घेतलं तर कुटुंबाला २० हजार सिंगापूर डॉलर सरकारी ग्रँट. माझा भाऊ विरारला राहतो, दोघंही नोकरी करतात, म्हणून त्याची पोरगी सोमवार ते शुक्रवार माझ्या आईकडे नायगावला असते. रविवारी रात्री तिची बॅग भरायला काढली की ती चपला लपवून ठेवते. विरारला जा म्हणणाऱ्यांनी हे बघावं एकदा.

मग म्हणतात मुंबईत जागाच कुठाय. अरे, होती ना! १९९१च्या नियमात गिरण्यांच्या जमिनीचा साधारण तिसरा हिस्सा म्हाडाला येणार होता, २००१ला नियम बदलून फक्त मोकळी जमीन वाटपात धरली आणि बाकीच्यावर टॉवर-मॉल उठले, आपल्या डोळ्यांदेखत.

एकट्या माणसाला इथे पस्तिशीपर्यंत एचडीबी घेता येत नाही, लीजही ९९ वर्षांचंच, मान्य. तरी कुटुंब एकत्र राहावं हा विचार तरी आहे.

भाऊ म्हणतो, तू गेलास ना सोडून, आता शिकवू नकोस. लागतं ते. मी नोकरीसाठी आलो असंच सगळ्यांना सांगतो, पण खरं म्हणजे लग्नानंतर नायगावच्या त्या खोलीत आम्हा दोघांना जागाच नव्हती, आणि जवळपास घर मिळालं असतं तर मी हललोच नसतो. इथे पीआर, म्हणजे कायमचा रहिवासी झाल्यावर तीन वर्षं थांबून रीसेल घेतलं, ब्लॉकच्या वंशानुसार ठरलेल्या कोट्यात मी इंडियन म्हणून मोजला जातो, कोणी विचारलं तर मात्र नायगावचा सांगतो. माझ्या पुतणीला आईबापासकट तिथेच राहता यावं, एवढं मागायचा हक्क मी अजून सोडलेला नाही.