‘चीजवाला बेक्ड बटाटा घरी होत नाही’ म्हणे!

गेले दोन-तीन आठवडे एक मेसेज आमच्या माहेरच्या, सासरच्या आणि कॉलनीच्या अशा तिन्ही ग्रुपवर फिरतोय. हॉटेलात मिळतो तसा चीज घातलेला बेक्ड बटाटा घरी जमत नाही, उगाच सामान वाया घालवू नका, असा त्याचा सूर. कारणं सहा दिलीत. ओव्हन लागतो. आपल्याकडचा बटाटा चालत नाही, बाहेरदेशातला लागतो. काप रात्रभर पाण्यात ठेवून स्टार्च काढावाच लागतो. घरचं दूध फाटतं, पाकिटातलं क्रीमच लागतं. चीज म्हणजे प्लास्टिक, जाळून बघा. आणि शेवटचं, यानं वजन वाढतं नि आपल्या जेवणात हा प्रकार बसतही नाही. खाली हात जोडलेले, त्याखाली ‘सर्व भगिनींना पाठवा’.

जळगावात राहून मी हा पदार्थ वर्षातून सात-आठ वेळा तरी करते. पहिल्यांदा केला तेव्हा सपशेल फसला होता, त्याचं खाली येईलच. म्हणून भगिनी या नात्यानं उत्तर देते.

आधी नावाचं. हॉटेलच्या मेनूवर याला ‘ग्रातँ’ म्हणतात. फ्रेंच भाषेतल्या खरवडणं या क्रियापदावरून तो शब्द आलाय. भांड्याच्या तळाला, कडेला जी करपट-खमंग पापडी धरते आणि जिच्यावरून पोरांची भांडणं होतात, ती. म्हणजे आपली खरवड. दूध आटवलेल्या पातेल्याला जिनं कधी उलथनं लावलंय तिला या पदार्थात काय गंमत आहे हे कुणी शिकवायला नको.

आता ओव्हन. आग्नेय फ्रान्समधल्या दोफिने प्रांतात गाप नावाचं गाव आहे. तिथे 12 जुलै 1788 रोजी एका सरदारानं नगरपालिकेच्या अधिकाऱ्यांना जेवण दिलं, त्यात हा बटाटा वाढल्याची नोंद आहे. तेव्हा कुठली वीज आणि कुठलं बटण? या पदार्थाला दोन गोष्टी लागतात: सगळीकडून कोरडी आच आणि शेवटी वरून कडक आच. कोरडी आच खान्देशाला नवी आहे का? पालथ्या खापरावर आपण मांडे भाजतो. गोवरीच्या आरात बट्टी भाजणारी पिढी अजून घराघरात आहे. थंडीत शेतावर भरीत पार्टी असते तेव्हा कपाशीच्या नाहीतर तुरीच्या काड्या पेटवून वांगी भाजतात आणि मागे उरलेल्या राखेत कुणीतरी दोन बटाटे पुरतोच. तो बटाटाही बेक्डच असतो, फक्त त्याचे दोनशे रुपये कुणी लावत नाही.

घरात ओटीजी, म्हणजे विजेवरचा छोटा ओव्हन, असेल तर उत्तम. 180 अंशांवर चाळीस मिनिटं. पंधराशे वॅटचा ओटीजी चाळीस मिनिटं सलग चालला तरी एक युनिट वीज होते आणि तो मध्येमध्ये बंद होतो, त्यामुळे तेवढीही होत नाही. नसेल तर जुनी जाड कढई घ्या. नॉनस्टिक नको. तळाशी दीड-दोन वाट्या जाडं मीठ पसरा, त्यावर स्टीलची रिंग, वर घट्ट बसणारं झाकण, आणि मध्यम आचेवर दहा मिनिटं तापू द्या. मग बटाट्याचं भांडं आत. पुष्कळजणी यासाठी शिटी-रिंग काढून प्रेशर कुकर वापरतात. मी वापरत नाही. कुकर पाणी घालून वापरायची वस्तू आहे, कोरडा तापवून तापवून तो खराब करायचा आणि दुसऱ्या दिवशी त्यातच वरण लावायचं, हे माझ्या मनाला पटत नाही.

कढईत एकच अडचण येते. आत वाफ कोंडते, वाफ शंभर अंशांच्या आसपासच राहते आणि तेवढ्यात पदार्थ शिजतो पण तांबूस होत नाही. तांबूस व्हायला दीडशेच्या आसपास जावं लागतं, तेही पृष्ठभाग कोरडा झाल्यावर. इथे मेसेज लिहिणाऱ्याचा ओव्हनचा हट्ट थोडाफार समजू शकते. पण यावर तोड आमच्या सासूबाईंनी काढली. बिडाचा तवा मोठ्या गॅसवर धूर निघेपर्यंत तापवला, पकडीनं धरून भांड्याच्या काठावर पालथा टेकवला. चीज आणि तवा यांच्यात बोटभर जागा. आधी नुसती चरचर ऐकू आली, मग चीजवर बुडबुडे आले, आणि दोन-तीन मिनिटांत त्या बुडबुड्यांच्या टोकांना मांड्यावर असतात तसे तपकिरी ठिपके धरले. तवा पुन्हा तापवून एकदा ठेवला की काम झालं. युरोपातल्या जुन्या स्वयंपाकघरांत नेमक्या याच कामासाठी लांब दांड्याची लोखंडी चकती विस्तवात लाल करून पदार्थावर धरत. तिला ते सॅलमँडर म्हणत. सासूबाईंना हे सांगितलं तर म्हणाल्या, मग त्यांच्याकडे तवा नव्हता का? एवढंच सांभाळा की खालचं भांडं स्टीलचं किंवा ॲल्युमिनियमचं असावं. काचेचं तडकेल.

बाहेरदेशातल्या बटाट्याचा मुद्दा दोन ओळींत आटपतो. बटाटा मुळातच बाहेरचा, दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतातला, आणि ‘बटाटा’ हे नावही आपण पोर्तुगीजांकडून घेतलंय. बाजारात दिसणाऱ्या ‘कुफरी’ नावाच्या जाती सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेनं काढलेल्या, कुफरी हे तिथलंच गाव. कुफरी ज्योती 1968 सालापासून आहे. खास चिप्ससाठी काढलेली कुफरी चिपसोनासुद्धा आता पंचविशी ओलांडून गेली.

देश सोडा, बटाटा नवा की जुना हे बघा. हिवाळ्यात इंदूरकडून नवा बटाटा येतो, अंगठ्यानं चोळला की साल निघते. तो पाणीदार आणि घट्ट असतो, काप मोडत नाहीत पण दूधही फार दाट होत नाही. उन्हाळ्यात शीतगृहातला येतो. फार थंडीत ठेवला की बटाट्यातल्या स्टार्चची साखर होते, म्हणून तो किंचित गोड लागतो आणि वरून लवकर करपतो. अशा वेळी पाच-दहा मिनिटं आधीच लक्ष ठेवायचं. पिठूळ की चिकट हे कळत नसेल तर एक वाटी मीठ अकरा वाट्या पाण्यात विरघळवा आणि बटाटा सोडा. बुडाला तर पिठूळ, तरंगला तर चिकट. चीज-बटाट्याला मधला किंवा पिठूळ बरा. हिरवट डाग पडलेला मात्र कोणत्याच पदार्थाला घेऊ नका.

रात्रभर पाण्यात भिजवायचा सल्ला वाचून मला खरंच हसू आलं. फ्रेंच फ्राईजचा नियम उचलून इथे चिकटवलाय. तळताना वरचा स्टार्च नको असतो, तो आधी करपतो आणि काप एकमेकांना चिकटतात, म्हणून धुवायचं. इथे तोच स्टार्च दुधात उतरून दूध दाट करतो. आपण कढीला बेसन लावतो ना, ते काम बटाटा स्वतःच करतो. काप धुतले की तुम्ही फुकटचं बेसन मोरीत ओतलं. मग पातळ झालं म्हणून मैदा घालायचा! बटाटा सोलायच्या आधी धुवा, कापल्यावर नाही. काळा पडेल अशी भीती असेल तर काप थेट दुधातच टाकत चला.

दुधाचा मुद्दा जरा थांबून बघू, कारण मेसेजमधल्या सहा मुद्द्यांत हा एकच खऱ्या अनुभवातून आलेला वाटतो. दूध फाटतं, हे खरं आहे. माझंही फाटलं होतं.

धुळ्याहून नणंद आणि भाऊजी येणार होते. मी कच्चे काप भांड्यात रचले, मध्येमध्ये टोमॅटोच्या चकत्या घातल्या (रंग दिसावा म्हणून!), गार दूध ओतलं, वर चीज किसलं आणि भांडं आत ठेवलं. पन्नास मिनिटांनी बाहेर काढलं तर वर चीज झकास तांबूस. चमचा घातला तर खाली हिरवट पाणी, त्यात कलाकंदासारखे दाणे. सासूबाईंनी एक काप दाताखाली धरला, कचकन आवाज आला. पाहुण्यांसमोर काही बोलल्या नाहीत, माझ्याकडे वळून हळूच म्हणाल्या, “हाऊ ते कच्चाच शे, माय.” त्या दिवशी सगळे शेवभाजीवर जेवले.

चूक दुधाची नव्हती, तीन गोष्टी माझ्या चुकल्या होत्या. एक, टोमॅटो. आंबटपणानं दूध फाटतं हे लहान पोरालाही माहीत, पण आंबटात बटाटाही शिजत नाही हे तेव्हा डोक्यात आलं नाही. भाजीला घट्ट धरून ठेवणारं पेक्टिन आंबटात विरघळायला नाखूश असतं. चिंच-आमसूल घातलं की भाजी लवकर शिजत नाही म्हणून आपण ते शेवटी घालतो, कारण तेच. दोन, दुधातलं कॅल्शियम. तेही पेक्टिनला आणखी घट्ट बांधतं, म्हणून कच्चा बटाटा पाण्यापेक्षा दुधात शिजायला जास्त वेळ घेतो. तीन, पातळ दूध आणि तेज आच. स्निग्धांश आणि स्टार्च जितका जास्त तितकं दूध तग धरतं.

यावर पाकिटातलं क्रीम हाच उपाय नाही. एक किलो बटाट्याला म्हशीचं अर्धा लिटर न पाणी घातलेलं दूध आणि दोन-तीन दिवसांची साठवलेली साय, घुसळून साधारण वाटीभर. साय आंबट झालेली नको, विरजण लावलेली तर मुळीच नको. दूध, साय, चार ठेचलेल्या लसूण पाकळ्या, दीड-दोन चमचे मीठ आणि मिरपूड जाड बुडाच्या पातेल्यात एकत्र करायचं, त्यात वहीच्या पुठ्ठ्याइतके पातळ काप. मंद आचेवर दहा-बारा मिनिटं, खालून हलवत. सुरीचं टोक आत जातं पण जरा अडतं, आणि दूध चमच्याच्या पाठीवर धरायला लागतं, तिथे गॅस बंद. मग भांड्यात ओता, वर चीज आणि भाजायला ठेवा. आता फाटायला जागाच उरत नाही. टोमॅटो ज्याला हवा त्यानं कोशिंबिरीत खावा.

चीज म्हणजे प्लास्टिक, हा मुद्दा व्हिडिओसकट येतो: चीजचा तुकडा चिमट्यात धरून काडी लावायची, तो काळा पडतो, धूर येतो, बघा प्लास्टिक! पनीर धरा, पोळी धरा, काळीच पडेल. चीजमध्ये पाणी, स्निग्धांश आणि प्रथिनं असतात. पाणी उडतं, तूप टपकतं, प्रथिनं कोळसा होतात आणि केस जळल्यासारखा वास येतो. क्यूबचं चीज वितळून गुळगुळीत होतं पण तार धरत नाही याचाही लोकांना संशय. त्यात सोडियम सायट्रेटसारखा क्षार घातलेला असतो, तो दुधाच्या प्रथिनातलं कॅल्शियम सोडवून घेतो आणि तूप-पाणी वेगळं होऊ देत नाही. ही युक्ती 1911 मध्ये स्वित्झर्लंडमधल्या थून गावी दोघांनी शोधली. तार हवी तर मोझरेला घ्या. मी अर्धं-अर्धं घेते, किलोला शंभर ग्रॅम, आणि घरीच किसते. आयतं किसलेलं चीज मोकळं राहावं म्हणून त्याला स्टार्च नाहीतर सेल्युलोजची पूड लावलेली असते, ते एकजीव होत नाही.

तरी हा मुद्दाही अर्धा बरोबर म्हणायचा. बाजारात दुधाऐवजी पामतेलावर केलेला चीजसारखा पदार्थ मिळतो, स्वस्तात, कधी सुटा. तो प्लास्टिक नाही, पण चीजही नाही. पाकिटाची मागची बाजू वाचा. घटकांत वनस्पती तेल किंवा ‘ॲनालॉग’ असा शब्द दिसला तर परत ठेवा. सुटा तर घेऊच नका. आणि अगदीच विश्वास नसेल तर चीज वगळा. दोफिनेच्या जुन्या पाककृतीत चीज नाहीच, नुसती साय, दूध आणि लसूण. त्याचीही खरवड धरते.

राहिलं वजन. वर दिलेल्या मापात बटाटे साधारण पावणेआठशे कॅलरी, दूध पाचशे, चीज तीनशे, साय तीन-चारशे. सहाजणांत वाटलं तर माणशी सव्वातीनशेच्या आसपास. हलकं नाही, हे मान्य. पण तळलेल्या बट्टीवर वाटीनं तूप ओतून घेणाऱ्या मुलखात हा हिशेब मांडताना मेसेज लिहिणाऱ्यानं जरा तरी संकोच करायला हवा होता. जेवणात बसत नाही म्हणतात तेही चूक. कळण्याची भाकरी, मिरचीचा ठेचा, कांदा आणि याचा एक चौकोन, एवढं ताट पुरतं. तिखट रश्शाबरोबर तर फारच छान लागतो. आमच्याकडे फौजदारी डाळीशेजारी तो पहिला संपतो.

मेसेजमध्ये नसलेल्या दोन गोष्टी मात्र सांगते. हॉटेलची नक्कल म्हणून अख्खा बटाटा ॲल्युमिनियमच्या फॉइलमध्ये गुंडाळून भाजू नका. फॉइलमध्ये तो भाजत नाही, वाफवतो. आणि तसाच गुंडाळलेला बाहेर ठेवला तर धोका आहे. 1994 मध्ये अमेरिकेतल्या एल पासो शहरात फॉइलमध्ये भाजून बाहेर ठेवलेल्या बटाट्यांची चटणी खाऊन तीस जणांना बोट्युलिझम ही जीवघेणी विषबाधा झाली होती. आपल्या मे महिन्यात, पारा पंचेचाळिसाला टेकलेला असताना, दूध-चीजचं उरलेलं काहीही ओट्यावर राहू देऊ नका. गार झालं की फ्रिजमध्ये.

दुसरी गोष्ट सोपी. भांडं बाहेर काढल्या काढल्या चमचा घालू नका, सगळं वाहून जाईल. पंधरा मिनिटं थांबलं की दूध बसतं आणि पाटोडीच्या वड्या पाडाव्यात तसे सुरीनं चौकोन पडतात. तेवढ्यात चार भाकरी थापून होतात.