फारियानं पैसा कुणासाठी ओतला?

मिरामारच्या कट्ट्यावर रोस-ऑम्लेटची प्लेट हातात येते न येते तोच वकिलानं काडी टाकली. "रोजेरियो द फारियाचा पुतळा पणजीत हवा होता."

"त्या अफूवाल्याचा?" बाबी भडकलाच.

फारिया मूळचा गोव्याचा, पेढी मुंबईत. जमशेटजी जीजीभॉय यांच्या भागीदारीत माळव्याची अफू चीनकडे धाडायचा. वकील म्हणाला, "जमशेटजींना 1842 मध्ये 'सर' केलं, त्यांच्या नावानं हॉस्पिटल आहे. त्यांना कोण अफूवाला म्हणतं रे?" बाबीनं पावाचा तुकडा रसात बुडवला आणि तोंडात कोंबला.

गाडी मग 1835 वर आली. नेवऱ्याचे बेर्नार्दो पेरेस द सिल्वा 14 जानेवारीला प्रीफेक्त, म्हणजे गोव्याचे मुख्य कारभारी झाले. साडेचारशे वर्षांच्या पोर्तुगीज अमलात गोव्याचा कारभार हाती आलेला हा एकमेव गोंयकार. 1 फेब्रुवारीला लष्करानं बंड करून त्यांना हटवलं. ते मुंबईला गेले, आणि त्यांना परत बसवायच्या मोहिमेसाठी फारियानं थैली मोकळी सोडली. इकडे मे महिन्यात गास्पर दियशच्या किल्ल्यात त्यांच्या बाजूच्या सैनिकांची कत्तल झाली.

"हा किल्ला कुठं होता?"

"अरे, इथंच. टेनिस क्लब आहे ना, तिथं."

मे अखेरीला निघालेल्या मोहिमेची वादळानं वाट लावली. त्या दिवसांत आपला जाळं ओढणारा रापणकारसुद्धा होडी वर ओढून झापाखाली ठेवतो, आणि हे निघाले राज्य घ्यायला!

"बघा, गोंयकारासाठी पैसा बुडवला," वकील म्हणाला.

इतका वेळ गप्प असलेले मास्तर म्हणाले, "पोर्तुगीजांच्याच दमणचं काय झालं ते सांग आधी. तिथं पेरेसांचाच हुकूम चालला. आणि अफू कुठून निघायची? दमणहून."

"पण मास्तर, तोवर ईस्ट इंडिया कंपनीनं मुंबईतूनच अफू न्यायचे परवाने द्यायला सुरुवात केली होती. चोरवाट हवीच कुणाला?"

"पेटीमागं 175 रुपये घेऊन परवाना. दमणहून नेली की ते वाचले. कंपनीनं 1835 मध्येच तो दर 125 वर आणला, उगाच नव्हे."

मला मास्तरांचा हिशेब पटला. पण त्यासाठी वकिलाला खोटं पाडायची गरज नाही. धंद्याला सोयीचा प्रीफेक्त आपल्याच मातीतला निघाला, तर व्यापारी काय दोन वेगळ्या वह्या ठेवतो?

वकील मात्र हटेना. "दमणच हवं होतं तर जहाजं पणजीकडं कशाला काढली?"

"कारण दमणचा गव्हर्नर कोण ते पणजीत ठरतं," मास्तर म्हणाले.

"आणि पुतळा?" बाबीनं विचारलं.

"कॅसिनोवाल्यांचे होतील तेव्हा बघू," वकील म्हणाला, आणि मग कॅसिनोवरून सुरू झालं ते गाडेवाल्यानं स्टोव्ह विझवला तरी चालूच होतं.