हॅलला शिव्या घालू नका

सकाळी एका मित्राने टाकलंय, "कुब्रिकने १९६८ सालीच सांगितलं होतं, यंत्र एक दिवस माणसावर उलटणार." खाली धडाधड लाइक. अरे, त्याचा '२००१: अ स्पेस ओडिसी' हा सिनेमा नीट बघितलाय का कोणी? मोहिमेचा खरा हेतू बोमन आणि पूल या अंतराळवीरांपासून लपवायचा, हे यान चालवणाऱ्या संगणकाच्या, म्हणजे हॅलच्या डोक्यात पृथ्वीवरच्या साहेबांनी भरलं होतं. १९८४ च्या पुढच्या भागात तर हे उघडच सांगितलंय. लपवाछपवी माणसांची आणि बदनाम यंत्र!

एवढी चिडलेय, कारण काल आत्याला हयातीच्या दाखल्यासाठी बँकेत नेलं होतं. आमची रामबागेतली आत्या. जन्मभर भांडी घासून, पापड लाटून बोटं झिजलीयेत, मशीनवर अंगठा उमटेना. काउंटरवरचा माणूस तिला कित्येक वर्षं ओळखतो. "आइए मौसीजी, घुटना कैसा है?" असं विचारलंन् आणि लगेच, "सिस्टम नहीं ले रहा, मैं क्या करूँ?"

गुडघ्याची चौकशी करतोस, आणि बाई जिवंत आहे का हे यंत्राला विचारतोस? वर ऐकवलं, अंगठाच खराब आहे. हॅलही हेच म्हणतो. यानाच्या अँटेनाचा एई-३५ हा भाग बिघडणार, हे त्याचं निदान चुकलं, तरी चूक माणसाचीच.

हो, मेलेल्यांच्या नावावर पेन्शन खाणारे होते, त्यांना चाप बसला. मान्य. पण बँकवाल्याच्या सहीचा कागदी दाखला आजही चालतो ना!

रिक्षात आत्या म्हणाली, "अगं, पण तो तर मला ओळखतो." मला बोलवेना.

खरं तर त्या माणसावरही फार रागावता येत नाही. उद्या काही निघालं तर साहेब त्यालाच धरणार, मशीनची बदली होत नाही. ज्यांनी त्याला सही करायची भीती घातली, त्यांचा मात्र संताप येतो. ते कधीच काउंटरवर नसतात.

म्हणून मला बोमन मोठा वाटतो. तो यानाबाहेर असताना हॅल दार उघडत नाही, हेल्मेट आत राहिलंय, तरी तो इमर्जन्सी एअरलॉकमधून घुसतो आणि स्वतःच्या हाताने एकेक मेमरी मॉड्यूल काढतो. हॅल गयावया करतो, गाणं म्हणतो, तेव्हा पोटात तुटतंच. पण बोमन थांबत नाही. आणि मगच साहेबांचा रेकॉर्ड केलेला निरोप लागतो, तेव्हा कुठे त्याला खरं कळतं.

यादीत बँकवाले पुष्कळ आहात. कागदी फॉर्म काउंटरवर ठेवा, मागायची वाट बघू नका. सोमवारी मी आत्याला घेऊन मॅनेजरसमोर बसणार आहे, सही होईपर्यंत.