साहित्य : सोललेल्या डाळिंब्या 2 वाट्या

पाककृतींच्या पुस्तकांत वालाचं बिरडं पाऊण पानात आटोपतं. साहित्याची पहिलीच ओळ असते, 'सोललेल्या डाळिंब्या 2 वाट्या'. डाळिंब्या म्हणजे मोड आणून साल काढलेले वाल. ती वाचली की लिहिणाऱ्याच्या धाडसाचं मला कौतुक वाटतं. हे म्हणजे 'साहित्य : दादरला दोन खोल्यांचा फ्लॅट 1' असं लिहून खाली 'कृती : पडदे लावा' म्हणण्यासारखं आहे. पडदे काय, कुणीही लावेल.

बिरड्यातलं फोडणीपासून पुढचं काम अर्ध्या तासाचं. त्या ओळीच्या पोटात मात्र दोन दिवस दडलेले असतात, आणि आज मला बोलायचंय ते त्या दोन दिवसांबद्दल.

सुरुवात वाण्याच्या दुकानात होते. तिथे जाऊन नुसतं 'वाल द्या' म्हणू नये. वाल म्हटल्यावर तीन वेगवेगळ्या वस्तू पुढ्यात येऊ शकतात. एक, मोठे, चपटे, पांढरट गोडे वाल. ते गुजराती पंगतीत झकास लागतात, पण बिरड्याचं काम त्यांचं नव्हे. दुसरी, वालाची डाळ. ती भिजवून, फडक्यात बांधून, मोडांची वाट बघत बसणारी माणसं मुंबईत आहेत. डाळीला मोड येत नाहीत, हे त्यांना दुसऱ्या दिवशी संध्याकाळी उमगतं. आपल्याला हवे असतात ते तिसरे, कडवे वाल. लहान, तपकिरी, आणि कडेला ठसठशीत पांढरी रेघ. ती रेघ म्हणजे दाण्याचं आधारकार्ड, ती बघितल्याशिवाय पैसे देऊ नयेत.

हे वाल रायगड-ठाण्याकडे भाताची कापणी झाली की जमिनीत उरलेल्या ओलीवर होतात. थंडीत शेंगा हिरव्या असताना अलिबागकडचे लोक त्या मडक्यात भांबुर्डीच्या पाल्यासकट भाजून पोपटी करतात आणि तिथल्या तिथे संपवतात. त्यांच्या तावडीतून सुटलेल्या शेंगा वाळतात, त्यांचे वाल होतात आणि आपल्या राशीला येतात. घेताना यंदाचे आहेत का, एवढं विचारावं. दुकानदार 'यंदाचेच' म्हणणार हे ठरलेलं आहे, तरी विचारावं. जुन्या वालाला मोड रडतखडत येतात आणि शिजायला तो दुप्पट वेळ खातो. भोकं पडलेले दाणे दिसले तर दुकान बदलावं.

आता वेळापत्रक. श्रावणी सोमवार सोडायला संध्याकाळी पानात बिरडं हवं असेल, तर हिशेब मागून पुढे करायचा, विमान पकडताना करतो तसा. सोमवारी संध्याकाळी फोडणी. म्हणजे रविवारी रात्री सोलून तयार. म्हणजे शनिवारी रात्री फडक्यात. म्हणजे शनिवारी सकाळी पाण्यात. सोमवारी सकाळी 'आज बिरडं करू या' असं ज्या घरात कुणी म्हणतं, त्या घरात त्या रात्री बटाट्याची भाजी होते.

चार माणसांना 1 मोठी वाटी, म्हणजे 200 ग्रॅम वाल पुरतात. ते 4 वाट्या कोमट पाण्यात 10 ते 12 तास भिजवायचे. वर तरंगणारे दाणे पोकळ असतात, ते आधीच काढून टाकावेत. भिजवलेलं पाणीही फेकायचं, विचार न करता फेकायचं. हल्ली प्रत्येक इमारतीत एक हितचिंतक असतो, जो कडधान्याच्या पाण्यातली सत्त्वं वाया घालवू नका म्हणून सांगतो. कडव्या वालात ज्यांच्यापासून सायनाइड तयार होऊ शकतं अशी द्रव्यं मुळातच असतात. भिजवणं, पाणी टाकणं आणि पूर्ण शिजवणं हे सगळे सोपस्कार त्यासाठीच आहेत, शिवाय कडवटपणाही त्या पाण्याबरोबर बराचसा जातो. हितचिंतकाला ते पाणी द्यायचा मोह आवरावा.

पाणी काढताना दाण्यांवरून एकदा बोटं फिरवावीत. बाकीचे फुगून टम्म झालेले असतात, आणि मधूनच एखादा बारीक, चकचकीत, काल पुडीतून निघाला तसाच टणक लागतो. हा गणंग. त्याचं साल पाणी आत घेतच नाही, त्यामुळे तो भिजत नाही, मोडवत नाही आणि शिजतही नाही. न शिजणारा दाणा आणि कुठल्याच कामाला न येणारा माणूस या दोघांसाठी मराठीने एकच शब्द ठेवलाय, तो उगाच नव्हे. दोघंही समूहात बेमालूम मिसळतात आणि नेमके पाहुण्यांच्या दाताखाली येतात. म्हणून दोघांनाही सुरुवातीलाच वेगळं काढावं.

मग मोड. सुती फडकं ओलं करून घट्ट पिळायचं, वाल त्यात सैलसर बांधायचे आणि पुरचुंडी चाळणीत ठेवून वर झाकण घालायचं. बायका गाठोडं असं आवळतात, जणू वाल पळून जाणार आहेत. (पुरुष ते इतकं सैल बांधतात की वाल खरंच पळून जातात.) आवळलं की मधल्या दाण्यांना हवा मिळत नाही आणि ते कुबट होतात. पावसाळ्यात मुंबईत मोड 24 तासांत येतात. जानेवारीत, ज्याला आपण हौसेने थंडी म्हणतो त्या दिवसांत, 36 तास धरावेत. पण ज्या दमट हवेने मोड लवकर येतात, तीच हवा वाल नासवतेही. तीन दिवस दांडीवर राहूनही जिथे चादर वाळत नाही, तिथे ओल्या फडक्यातल्या वालाला काय काय होऊ शकतं, याची कल्पना केलेली बरी. म्हणून दर आठ तासांनी पुरचुंडी सोडून वाल स्वच्छ पाण्याने धुवायचे, पूर्ण निथळायचे आणि फडकंही धुऊन पिळून पुन्हा बांधायचं.

वासाबद्दल नवख्यांची फार घाबरगुंडी उडते. मोड आलेल्या वालाला स्वतःचा एक उग्र, हिरवट वास असतोच. दार उघडताच तो जिन्यापर्यंत जातो आणि समोरच्यांना आपल्याकडचा सोमवारचा बेत रविवारीच कळतो. त्या वासाला भ्यायचं कारण नाही. आंबूस वास आला आणि दाणा उचलताना बोटाला तार लागली, तर मात्र माया न करता सगळं टाकून द्यावं. मोड तांदळाच्या दाण्याएवढा झाला की पुरे. 'अजून थोडे येऊ देत' म्हणून थांबलात तर मोड एकमेकांत गुंततात, सोलताना तुटतात आणि बिरड्यात गांडुळांसारखे पोहतात.

आता मुख्य प्रसंग. सोलणे.

200 ग्रॅममध्ये दाणे साधारण आठशे ते हजार. एका दाण्याला 3 सेकंद धरले, आणि हा सरावलेल्या हाताचा वेग आहे, तरी हजार दाण्यांना 50 मिनिटं होतात. ठाण्याहून धीम्या लोकलने सीएसएमटी गाठायला जवळपास तेवढाच वेळ लागतो. फरक इतकाच, की लोकलमध्ये निदान घाटकोपरला बसायला मिळण्याची आशा असते.

रीत अशी. मोड आलेले वाल एका पातेल्यात कोमट पाण्यात 10 मिनिटं टाकायचे. कोमट म्हणजे हात सुखाने बुडेल इतकंच. घाईच्या माणसाला इथे उकळतं पाणी ओतायची बुद्धी होते. तसं केलं तर दाणा बाहेरून अर्धाकच्चा शिजतो, सोलताना मऊ पडून चिरडतो, आणि हातात डाळिंबीऐवजी लगदा येतो. एका वेळी मूठभर दाणे घ्यायचे, बाकीचे पाण्यातच राहू द्यायचे, कारण साल वाळलं की पुन्हा चिकटतं. मोडाची बाजू पुढे करायची, मागच्या टोकाला अंगठा आणि पहिलं बोट लावून चिमटा घ्यायचा. साल बोटांत राहतं आणि डाळिंबी सुळकन बाहेर येते.

ती कुठे येते, हा प्रश्न वेगळा. डाळिंबीला दिशेचं भान नसतं. ती फ्रिजखाली जाते, वर्तमानपत्र वाचणाऱ्याच्या चष्म्यावर आपटते, चहात पडते. म्हणून दुसऱ्या पातेल्यात गार पाणी घेऊन, दोन्ही हात त्याच्या तोंडाशी धरून, नेम खाली ठेवूनच चिमटा घ्यावा. दाणे फडक्यात घालून चोळले की सालं आपोआप निघतात, अशी एक युक्ती सांगितली जाते. निघतात की. दाण्याची दोन दलंही निघतात, आणि दोन दिवस खपून आपण ती वालाची डाळ मिळवतो, जी वाण्याकडे तयार होती.

मुंबईच्या बायकांनी लोकलच्या डब्यात काय काय निवडलेलं नाही! मेथी, गवार, मटार, पावट्याच्या शेंगा. कर्जतहून निघालेली जुडी कुर्ल्याला निवडून पिशवीत गेलेली असते. पण वालाने या संस्कृतीलाही हात टेकायला लावले. त्याला दोन पातेली आणि पाणी लागतं, आणि चौथ्या सीटवर मांडीत पातेलं घेऊन बसण्याइतकी मुभा महिलांच्या डब्यातही मिळत नाही. वाल घरीच सोलावा लागतो, सगळ्यांनी मिळून. 'आण, मीही सोलतो' म्हणणाऱ्या कुटुंबप्रमुखाला अकराव्या दाण्याला महत्त्वाचा फोन येतो. मुलं नेमबाजीपुरती टिकतात. शेवटचे सहाशे दाणे कुणी सोलले, हे सांगायची गरज नाही. तिच्या बोटांना सुरकुत्या पडलेल्या दिसतातच.

बाजारात सोललेल्या डाळिंब्या मिळतात. दादरला, गिरगावात, पार्ल्याला भाजीवाल्या बायका वाट्यावर विकतात आणि मागतील तो भाव त्यांना शोभतो, कारण ते वालाचे नव्हे, बोटांचे पैसे आहेत. घेताना एक डाळिंबी मोडून बघावी. कट्कन तुटली तर ताजी, वाकली तर कालची. पाण्यात ठेवलेल्या असल्या तर पाण्याचाही वास घ्यावा. घरी सोललेल्या निथळून बंद डब्यात फ्रिजमध्ये दोन दिवस छान राहतात.

एवढं झालं की पुस्तकातली कृती सुरू होते, तेव्हा तीही सांगून टाकतो. जाड बुडाच्या पातेल्यात 3 मोठे चमचे तेल, मोहरी, जिरं, पाव चमचा हिंग, आठ-दहा कढीपत्त्याची पानं, अर्धा चमचा हळद. एरवी एक बारीक चिरलेला कांदा, श्रावणात नाही. त्यावर डाळिंब्या घालून दोन मिनिटं हलक्या हाताने परतायच्या आणि अडीच वाट्या पाणी घालायचं, तेही कढत. झाकण म्हणून खोलगट ताटली ठेवून तिच्यात पाणी ओतायचं. आतलं पाणी आटलं की ताटलीतलं तापलेलं पाणी आत. मंद आचेवर 12 ते 15 मिनिटं. डाळिंबी दोन बोटांत दाबली की पीठ व्हावी, पण पातेल्यात तिचा आकार शाबूत दिसावा. ढवळायला डाव घालू नये, पातेलं दोन्ही कानांना धरून हलवावं. कुकरचं तर नावही काढू नये. एका शिट्टीत दोन दिवसांचं पिठलं होतं.

वाटण साधं. अर्धी वाटी ओलं खोबरं, चमचाभर जिरं, तीन हिरव्या मिरच्या, मूठभर कोथिंबीर, चार लसूणपाकळ्या (श्रावणात त्यांच्या जागी आलं). डाळिंब्या शिजल्या की वाटण, मीठ, चार आमसुलं आणि सुपारीएवढा गूळ. हे 'शिजल्या की' फार महत्त्वाचं आहे. आंबट आधी पडलं की दाणा ताठरतो, गुळानेही थोडाफार तोच परिणाम होतो, मग कितीही गॅस जाळा. सगळं वेळेवर घालूनही दाणा हटून बसला असेल, तर इमारतीत त्या दिवशी पाणी कुठलं आलंय ते विचारावं. तानसा-वैतरणा-भातसाचं पाणी मऊ असतं, त्यात वाल शहाण्यासारखा शिजतो. टाकीत बोअरचं किंवा टँकरचं जड पाणी असेल तर त्यातला चुना दाण्याला मऊ होऊ देत नाही. अशा दिवशी सुनेच्या हाताला दोष देण्याआधी सोसायटीच्या सेक्रेटरीला फोन करावा.

पाच मिनिटं उकळी, मग गॅस बंद करून वाटीभर दाट नारळाचं दूध. दूध घालून पुन्हा उकळलं तर आमसुलाच्या आंबटाने ते फुटतं आणि रश्श्यावर चोथा तरंगतो. नारळाचं दूध न घालता गोडा मसाला घालून दाटसर उसळ करणारी घरंही आहेत. त्यांच्याशी माझं भांडण नाही, फक्त मी तिथे भात जरा कमी घेतो.

बिरडं पातळच हवं, गरम भातावर ओतलं की ताटाच्या कडेपर्यंत धावणारं. पाच माणसं दहा मिनिटांत पातेलं कोरडं करतात. उरलंच, तर रात्रभरात ते घट्ट होतं. सकाळी त्यात अर्धी वाटी कढत पाणी घालून मंद गरम करावं, चवीला ते आदल्या दिवसापेक्षा सरस लागतं. फक्त डब्यात नेऊ नये. नेलंच तर स्क्रूच्या झाकणाचा डबा घ्यावा आणि पिशवी मांडीवर धरावी, लोकलच्या रॅकवर नाही. हळद घातलेला नारळाचा रस्सा परळपर्यंत दम धरतो, आणि खाली बसलेल्या माणसाचा शर्ट हमखास पांढरा असतो.