आठ दिवसांत ईशान्य भारताचे तज्ज्ञ कसे व्हाल?

सात रात्री-आठ दिवसांची मेघालय सहल करून आलात? अभिनंदन! आता ते फोटो मोबाईलमध्ये कुजू देऊ नका. जवळच्या सोसायटीचा हॉल संध्याकाळी रिकामाच असतो, प्रोजेक्टर कुणाच्या तरी भाच्याकडे असतोच, आणि चहा-बिस्किटांवर पन्नास माणसं सहज जमतात. 'गूढरम्य मेघालय : गारोंच्या स्त्रीराज्यात' असं झोकदार शीर्षक द्या. गेल्या रविवारी आमच्या इथे असाच कार्यक्रम झाला. मी तिसऱ्या रांगेत होते, आणि तेव्हापासून तुम्हाला मार्गदर्शन करायला माझे हात शिवशिवतायत.

पहिली गोष्ट, गारो या जमातीवर बोलायला गारो टेकड्यांत जावं लागत नाही. शिलाँग, चेरापुंजी, डावकी, मावलिन्नाँग एवढं पुरे. तो सगळा मुलूख खासी-जैंतिया या दुसऱ्या जमातींचा, आणि गारो राहतात राज्याच्या पार पश्चिमेला, तुरा शहराच्या बाजूला. तिकडे लोक गुवाहाटीहून वेगळ्याच रस्त्याने जातात. पण सहलीच्या छापील कार्यक्रमात तुरा नाही, म्हणजे भूगोलातही नाही. जिवंत मुळांच्या पुलाचा फोटो पडद्यावर आला की 'हे गारोंचं स्थापत्य' म्हणून मोकळे व्हा. पूल आमचा आहे हे सांगायला कुणी खासी हॉलमध्ये येऊन बसणार आहे थोडाच!

नावं ठासून सांगा. आमच्या वक्त्यांनी मुख्यमंत्री कॉनरॅड कोंगकल संगमा यांचं नाव वाचलं आणि सांगितलं, "म्हणजे वडील कोंगकल." समोर बसलेल्या निम्म्या लोकांनी 1999 मध्ये शरद पवार आणि तारिक अन्वर यांच्याबरोबर राष्ट्रवादी काँग्रेस काढणारे पी. ए. संगमा टीव्हीवर पाहिलेले. त्याआधी ते लोकसभेचे अध्यक्ष होते. पूर्णो अगितोक संगमा, कॉनरॅडचे वडील ते हेच. कोंगकल हे आईकडचं कूळ, कारण गारोंची मुलं आईच्या कुळाची. पण कुणी चकार शब्द काढला नाही. चहा यायचा होता.

सुक्या मासळीचा विषय निघाला की नाक दाबून दाखवा. गारो लोक तिला नाखाम म्हणतात आणि तिचा झणझणीत रस्सा करतात. तुमचं गाव देवगडजवळ असेल आणि घरी सुकट-बोंबलाचा डबा असेल, तर तेवढा विषय टाळा.

'पूर्वी माणसांची मुंडकी उडवायचे' एवढं एकच वाक्य इतिहासासाठी पुष्कळ झालं. त्यांच्यातलाच पा तोगन संगमा 12 डिसेंबर 1872 रोजी इंग्रजांशी लढताना मारला गेला, असली माहिती दिली तर बायका जांभया देतात.

नवरा मुलगा पकडून आणायची जुनी चाल मात्र रंगवून सांगा. त्याला पळून जायची मुभा असे आणि तो पुन्हा पुन्हा पळाला तर मुलीकडचे नाद सोडत, हे वगळा. गंमत जाते.

आता मुख्य आकर्षण, स्त्रीराज्य. 'तिथे बायकांचं राज्य आहे' म्हणायचं आणि थांबायचं. मागच्या रांगेतून 'आमच्याकडे वेगळं काय आहे!' असा आवाज येतोच. आला. हशा झाला. वक्ते इतके खूश झाले की वाक्य पुन्हा म्हणाले. अहो, मालमत्ता मुलीकडे जाते हे खरं आहे. आईवडील एका मुलीला वारस ठरवतात, तिला नोकना म्हणतात, आणि खासींसारखी ती धाकटीच असली पाहिजे असंही नाही. तिचा नवरा नोकरोम, तो सासरी येऊन राहतो. पण तो कुठला पाहतात? शक्यतो तिच्या वडिलांच्याच कुळातला, आत्याचा मुलगा असला तर उत्तम. म्हणजे सासऱ्यानंतर घराचा कारभार त्याच कुळाच्या पुरुषाकडे जातो. आकिंग म्हणजे कुळाची सामाईक जमीन. तिच्यावरचा हक्क बायकोच्या कुळाचा, पण नोकमा म्हणून चारचौघांत निर्णय सांगणारा बहुतेक वेळा नवराच. आणि राज्याचंच म्हणत असाल, तर 2023 च्या निवडणुकीत मेघालयाच्या 60 जागांच्या विधानसभेत किती बायका निवडून आल्या? तीन. हे तुमचं स्त्रीराज्य! बरं, 'तिथले पुरुष बिचारे' म्हणून हळहळत कोण होतं? भाऊबीजेला ओवाळणीत साडी घालून, पुढच्याच आठवड्यात बहिणीची हक्कसोडपत्रावर सही घेणारे! बहिणीचा वाटा कायद्याने ठरलेला आहे, तरी 'माहेर तुटेल' या धाकावर तो सोडवून घेणारे! एका मुलीच्या नावावर घर होतं हे ऐकून यांच्या पोटात कालवाकालव होते. होणारच.

असो. मार्गदर्शन चालू आहे.

शेवटी वांगला. सुगी झाली की मिसी सालजोंग या देवाचे आभार मानायचा हा सण. यूट्यूबवरून उतरवलेला 'शंभर ढोलां'चा व्हिडिओ लावा, 'हजारो वर्षांची अखंड परंपरा' म्हणा, आणि दोनच मिनिटांनी 'मिशनऱ्यांनी यांची संस्कृती संपवली हो' म्हणून सुस्कारा सोडा. दोन्ही एकदम खरं कसं, हे कुणी विचारत नाही. सण जुनाच आहे, पण तुऱ्याजवळच्या आसनांगला शंभर ढोल एकत्र वाजायला लागले ते 1976 पासून. बहुसंख्य गारो ख्रिस्ती झालेले, जुना सोंगसारेक धर्म पाळणारी घरं कमी होत चाललेली, म्हणून लोकांनीच ठरवून हा मेळा उभा केला. दहा पथकं, प्रत्येकात दहा ढोल. रविवारी चर्चला जाणारी मुलंही ते लांबट ढोल, 'दमा' म्हणतात त्यांना, गळ्यात अडकवून वाजवतात. तुमच्या सुस्काऱ्यासाठी कुणी थांबलेलं नाही.

आणि आता मार्गदर्शन पुरे, कारण पुढचं मला विनोद करून सांगता येणार नाही. त्या दिवशी माझ्या शेजारी माझी एक सहकारी बसली होती. तुऱ्याची. गारो. कार्यक्रम संपताना वक्त्यांचं लक्ष गेलं. "बेटा, आप नेपाल से?" तिने सांगितलं. "अरे वा! मग एक नृत्य होऊन जाऊ दे!" टाळ्या पडल्या. ती उभी राहून मराठीत म्हणाली, "मला नाचता येत नाही. मी अकाउंट्स बघते."

लोक हसले. हसले!

तासभर तुम्ही तिच्या आईच्या घराबद्दल, तिच्या लग्नाबद्दल, तिच्या ताटातल्या मासळीबद्दल बोलत होतात आणि ती तुमच्यापासून दहा पावलांवर बसली होती. एक प्रश्न सुचला नाही. सुचलं काय, तर नाच. उद्या लंडनच्या हॉलमध्ये कुणी तुम्हाला उभं करून लावणी करायला सांगितलं, तर अपमान झाला म्हणून तिथूनच फेसबुकवर आकांत कराल. लाज वाटली पाहिजे, वक्त्यांनाही आणि टाळ्या वाजवणाऱ्यांनाही. पुढच्या महिन्यात नागालँडवर बोलणार आहेत म्हणे. रद्द करा. नाहीतर आधी एखाद्या नागा माणसाला भेटा. पुण्यात शिकणारी, नोकरी करणारी कितीतरी आहेत, शोधायला विमान लागत नाही. भेटलात तर त्यांचं बोलणं संपेपर्यंत गप्प बसा. आणि तिशीतल्या बाईला बेटा म्हणू नका. तिला नाव आहे, आणि ते तुमच्यापैकी एकानेही विचारलं नाही.