डॉक्टरांची लेकरं आणि आपला लातूर पॅटर्न

२०२५ च्या जुलैत दिव्या देशमुखनं जॉर्जियातल्या बाटुमीला बुद्धिबळाचा महिला विश्वचषक जिंकला आणि तेव्हापासून आमच्याकडच्या प्रत्येक व्हॉट्सॲप ग्रुपवर 'जिद्द असावी तर अशी' छापाचे मेसेज फिरतायत. जिद्द आहेच. हातात ग्रँडमास्टर या बुद्धिबळातल्या सगळ्यात मोठ्या किताबाचा एकही नॉर्म, म्हणजे त्यासाठी लागणारी ठरावीक कामगिरी, नसताना, कोनेरू हम्पीसारख्या मुरलेल्या खेळाडूला फायनलमध्ये हरवून एकोणिसाव्या वर्षी थेट ग्रँडमास्टर होणं हे खायचं काम नाही. पण लेकरांना नुसती जिद्द सांगायची आणि बाकीचं गाळायचं, हे मला पटत नाही.

जरा त्यांची घरं बघा. दिव्याचे आईवडील डॉक्टर. नाशिकच्या विदित गुजराथीनं २०२३ ची ग्रँड स्विस ही मोठी स्पर्धा जिंकली आणि तो कँडिडेट्सला, म्हणजे जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या स्पर्धेला गेला. त्याचेही आईवडील डॉक्टर. अठराव्या वर्षी सिंगापूरला चीनच्या डिंग लिरेनला हरवून जगज्जेता झालेला गुकेश, त्याचे वडील कान-नाक-घशाचे सर्जन. २८०० रेटिंग (खेळाडूची ताकद सांगणारा आकडा) ओलांडलेला अर्जुन एरिगैसी, त्याचे वडील मेंदूचे सर्जन. आणि अर्जुन कुठला, तर वारंगळचा. म्हणजे काल-परवापर्यंत आपण एकाच निजामाची रयत.

इकडं आख्खा मराठवाडा दहावी झाली की लातूर-नांदेडला खोली करून लेकराला डॉक्टर करायला निघतो. आणि तिकडं डॉक्टर झालेली माणसं दवाखाना बाजूला ठेवून लेकराला पटावर बसवतायत! गुकेशच्या वडिलांनी तर प्रॅक्टिसच सोडली आणि पोराबरोबर देशोदेशी हिंडले. पोरानं चौथीनंतर रोजची शाळा सोडली. हेच आपल्याकडं कुणी केलं तर सोयरेधायरे घरी येऊन समजूत घालतील.

यात पैसा कुठं लागतो हे बुद्धिबळाबाहेरच्या माणसाला कळत नाही. त्याला वाटतं, एक पट, बत्तीस सोंगट्या, झालं. ग्रँडमास्टर व्हायला २५०० रेटिंग लागतं आणि साधारण तीन नॉर्म. नॉर्म म्हणजे नऊ डावांच्या स्पर्धेत २६०० च्या तोडीचा खेळ, आणि समोर बसणाऱ्यांत ग्रँडमास्टर हवेत, परदेशी खेळाडूही हवेत. असे लोक हिंगोलीला येत नाहीत. मग आपणच जायचं: व्हिसा, विमान, हॉटेल, कोच, बरोबर एक पालक. तिकडं जाऊन सातव्या फेरीत वजीर फुकट घालवला की तो सगळा खर्च पाण्यात, पुढच्या महिन्यात परत तेच. शेतकऱ्यानं एका हंगामात सगळं डावावर लावणं आपल्याला नवीन नाही, पण तेही पोराच्या बुद्धिबळावर कुणी लावत नाही.

कुणी म्हणेल, मग ग्रँडमास्टर प्रज्ञानंद? खरंय. वडील बँकेत नोकरीला, लहानपणीच्या पोलिओनं हिंडण्या-फिरण्यावर मर्यादा. आई नागलक्ष्मी परदेशातही बरोबर कुकर नेऊन पोराला घरचा भात करून घालते. त्या माउलीला दंडवतच. पण ते चेन्नईत राहतात. तिथं कोच, स्पर्धा, प्रायोजक सगळं हाताशी आहे. आणि अमेरिकन जगज्जेत्या बॉबी फिशरचा वेडेपणा चवीनं सांगणाऱ्यांनी त्याची आई पण सांगावी. अमेरिकेचा संघ बुद्धिबळ ऑलिम्पियाडला, म्हणजे देशांच्या संघांच्या स्पर्धेला जावा म्हणून १९६० मध्ये व्हाइट हाऊससमोर फलक घेऊन उभी राहिली होती ती.

मला मात्र यांच्यापेक्षा मीर सुलतान खान जास्त आठवतो. पंजाबातल्या मिठा टिवाण्याचा. बुद्धिबळ शिकला ते देशी नियमांचं, ज्यात प्यादं पहिल्या चालीला दोन घरं जात नाही. सर उमर हयात खान या बड्या जमीनदारानं त्याला पदरी ठेवलं आणि १९२९ मध्ये लंडनला नेलं. गड्यानं त्याच वर्षी ब्रिटिश अजिंक्यपद मारलं. मग १९३२, मग १९३३. हेस्टिंग्जच्या स्पर्धेत माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलं. ऑलिम्पियाडला इंग्रजांच्या संघात पहिल्या पटावर हा. आणि अमेरिकन मास्टर रूबेन फाइन यांची आठवण अशी, की सर उमरच्या घरी जेवायला गेल्यावर पंक्तीत वाढायला कोण, तर सुलतान खान! (त्याच्या घरच्यांना 'नोकर' हा शब्द मान्य नाही, हेही सांगितलं पाहिजे.)

१९३३ च्या शेवटी मालक हिंदुस्थानात परतला, हाही परतला. १९३५ मध्ये व्ही. के. खाडिलकरांशी दहा डावांचा सामना खेळला, एक बरोबरी सोडून सगळे जिंकला. बास. त्यानंतर मोठं बुद्धिबळ संपलं, वय तिशीच्या आसपास. १९६६ मध्ये गेला. फिडेनं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेनं, मानद ग्रँडमास्टर केलं २०२४ मध्ये. त्याच्या मुलांनी सांगितलेली गोष्ट अशी की त्यानं त्यांना बुद्धिबळ शिकवलं नाही. आयुष्यात काहीतरी उपयोगाचं करा म्हणाला.

कापाब्लांकाला हरवलेला माणूस हे म्हणतो, तर आमच्या परभणीकडच्या बापाला मी काय नावं ठेवू?

हा बाप मला एका मंगल कार्यालयातल्या स्पर्धेत भेटला. लग्नाच्या खुर्च्या, वर भिरभिरणारे पंखे, घड्याळ दाबल्याचे टकटक आवाज. त्याचा नववीतला पोरगा एका प्यादाच्या बळावर हत्तीचा एंडगेम खेळत होता. समोरचा वयानं तिप्पट. पोरानं घाई केली नाही, राजा पुढं आणला, हत्ती मध्ये घालून शह अडवला, डाव काढला. खुर्चीखाली पिशवीत बायोलॉजीचं मॉड्यूल. फेऱ्यांच्या मधल्या वेळात तेच काढून बसला. बाप म्हणला, "सर, एवढी दहावी होऊ द्या, पुढं नीट. ते झालं की खेळलंच की."

नीट झाली की एमबीबीएस, मग पीजी, मग दवाखान्याचं कर्ज. कधी खेळणार?

त्या बापावर माझा राग नाही. माझा राग आहे तो आमच्या गावोगावच्या डॉक्टरांवर. दोन मजली हॉस्पिटल, खाली मेडिकल, दारात गाडी. नागपूर-नाशिकच्या डॉक्टरांनी केलं ते यांनाही परवडतं. पण यांचं लेकरू हुशार निघालं की पहिला प्रश्न, मग दवाखाना कोण चालवणार? पट माळ्यावर. निवडक लोक सोडले तर हेच. रुसायचं तर रुसा.

बाकी नव्वद टक्के घरांना परवडणारच नाही. तिथं सांगलीकडं बघावं. भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळ उभं केलं आणि वर्षानुवर्षं स्पर्धा गावातच भरवल्या. महिला ग्रँडमास्टर स्वाती घाटे त्याच सांगलीच्या. संभाजीनगरला धड मोठी नॉर्मची स्पर्धा दरवर्षी ठरलेल्या तारखेला झाली, तर वर लिहिलेला निम्मा खर्च वाचतो. दिव्याला सरकारनं ३ कोटी दिले, छानच झालं. पण ते जिंकल्यावर. जिंकायच्या आधी एका पोराचं युरोपचं तिकीट काढायला कुणी विचारत नाही.

तर डॉक्टरसाहेब, तुमच्या हॉस्पिटलचा वरचा हॉल रविवारी रिकामा असेल तर इनबॉक्समध्ये कळवा. पट आणि घड्याळं आमच्याकडं आहेत. पोरं पण आहेत. फक्त दहावीच्या परीक्षेच्या महिन्यात नको, कुणी येणार नाही.