केळी खाऊ घालून मुलाची बीपीची गोळी बंद करू नका

जळगाव, धुळे, नंदुरबार, कुठलाही भाऊबंदांचा ग्रुप उघडा, हा मेसेज दिसतोच: 'लहान मुलांना बीपी होतच नाही, हा डॉक्टरांचा धंदा. १२०/८० च्या आत असेल तर मूल ठणठणीत. घरचं मीठ बंद करून सैंधव सुरू करा, रोज सहा केळी द्या, आठवड्यात गोळी सुटेल. नाहीतर गोळी जन्मभर चिकटते.' आमच्या चुलतवहिनींच्या मुलाला किडनीचा आजार आहे, बीपीची एनालाप्रिल ही गोळी चालू आहे. त्यांनी मेसेज पुढे पाठवून विचारलं, "भाऊजी, गोळी थांबवू का?" म्हणून हे लिहावं लागतंय. केळ्यापासूनच सुरू करतो, कारण जिवावर बेतणारी गोष्ट तीच आहे.

रावेर-यावलचं केळं वाईट नाही. निरोगी मुलाने रोज एक-दोन खुशाल खावीत. पण एका मध्यम केळ्यात साधारण ४०० मिलिग्रॅम पोटॅशियम असतं, म्हणजे सहा केळ्यांत २४०० च्या घरात. धडधाकट किडनी जास्तीचं पोटॅशियम लघवीवाटे काढून टाकते, दुबळ्या किडनीला ते जमत नाही. त्यात एनालाप्रिल, लोसार्टन, टेल्मिसार्टन ही औषधंही पोटॅशियम अंगात धरून ठेवतात. रक्तातलं पोटॅशियम फार वाढलं की हृदयाचे ठोके बिघडतात, क्वचित हृदय बंदही पडतं. बरेचदा आधी काहीच लक्षण दिसत नाही, रक्ततपासणीत किंवा ईसीजीतच कळतं. म्हणून ही औषधं सुरू केल्यावर डॉक्टर रक्तातलं क्रिएटिनिन (किडनी कितपत काम करते ते यावरून कळतं) आणि पोटॅशियम तपासायला सांगतात. ती तपासणी पैशांसाठी नसते.

आता मेसेज कुणाच्या घरात शिरतोय ते बघा. मूल जितकं लहान आणि बीपी जितका जास्त, तितकी त्यामागे किडनीचा आजार किंवा किडनीची रक्तवाहिनी अरुंद असण्याची शक्यता जास्त. म्हणजे ज्या मुलांना गोळी लागते, त्यांतल्या बऱ्याच जणांना हाच उपाय सर्वात घातक. शहाळ्याचं पाणी आणि 'लो सोडियम' मीठ यांचंही तेच. त्या मिठात सोडियमच्या जागी पोटॅशियम क्लोराइड घातलेलं असतं. किडनीच्या मुलाला यातलं काहीही डॉक्टरांना विचारल्याशिवाय देऊ नका.

एवढं मात्र मान्य करावं लागेल की किडनी चांगली असेल तर फळं-भाज्या भरपूर आणि मीठ कमी, या आहाराने बीपी थोडा उतरतो. पण तो आहार गोळीच्या जागी चालत नाही.

सैंधवाचं थोडक्यात. तेही मुख्यतः सोडियम क्लोराइडच. पाच ग्रॅम मिठात साधारण दोन ग्रॅम सोडियम असतं, सैंधवात फार फरक पडत नाही, आणि बहुतेक सैंधवात आयोडीन घातलेलं नसतं. आपल्याकडे मुलांच्या पोटात मीठ जातं ते शेवभाजीतून, लोणच्यातून, उडदाच्या पापडातून, बिबड्यांतून आणि पाकिटातल्या चटकमटक खाण्यातून. पापडखार आणि खायचा सोडा हेही सोडियमच. डबीतलं मीठ बदलून पापड तसेच ठेवले तर काय साधलं?

'१२०/८० च्या आत सगळं ठीक' हे तेरा वर्षांखालच्या मुलांना लागूच नाही. अमेरिकन अकॅडमी ऑफ पेडियाट्रिक्सची २०१७ ची मार्गदर्शक तत्त्वं बालरोगतज्ज्ञ जगभर वापरतात. त्यातल्या चाळणीच्या तक्त्यात, म्हणजे कुणाला पुढे तपासायचं ते ठरवणाऱ्या तक्त्यात, पाच वर्षांच्या मुलग्यासाठी आकडा १०३/६३ आहे, दहा वर्षांच्या मुलासाठी १०८/७२, मुलीसाठी १०९/७२. यातला वरचा किंवा खालचा आकडा तिथे पोचला की वय आणि उंचीच्या तक्त्याशी ताडून बघायचं. तेरा वर्षांपासून पुढे १२०/८० च्या आत नॉर्मल, १३०/८० पासून पुढे उच्च रक्तदाब.

'धंदा' म्हणणाऱ्यांचं अर्धं खरं इतकंच, की एका आकड्यावर मुलाला बीपीचा शिक्का मारणं चूक. पळून आलेलं, रडणारं, दवाखान्याला घाबरलेलं मूल हमखास जास्त दाखवतं. म्हणून मोजणं नीट हवं. मूल तीन ते पाच मिनिटं शांत बसलेलं, पाठ टेकलेली, पाय जमिनीवर, उजवा दंड हृदयाच्या पातळीत. कफच्या, म्हणजे दंडाला गुंडाळायच्या पट्ट्याच्या, आतल्या फुग्याची लांबी दंडाच्या घेराच्या ८० ते १०० टक्के, रुंदी किमान ४० टक्के. मोठ्या माणसाचा कफ पाच वर्षांच्या बारीक दंडाला गुंडाळला की आकडा खोटा कमी येतो आणि आजार निसटतो. जाड मुलाला लहान कफ लावला की खोटा जास्त येतो. मशीनवर जास्त आला तर स्टेथोस्कोप लावून पुन्हा मोजायचा. तीन वेगवेगळ्या भेटींत जास्तच निघाला तर निदान. शक्य असेल तिथे २४ तासांचं मशीन लावून खात्री करतात. पायातला बीपीही एकदा बघायला सांगा. तो हातापेक्षा कमी निघाला तर हृदयाजवळची महाधमनी अरुंद असू शकते.

निदान झाल्यावर लघवी, क्रिएटिनिन, कोलेस्टेरॉल, आणि सहा वर्षांखालच्यांना किडनीची सोनोग्राफी. वजन जास्त असेल आणि बीपी थोडाच वाढलेला असेल, तर आधी गोळी नाहीच. आधी मीठ, गोड पेयं आणि वजन कमी, आठवड्यातून तीन ते पाच दिवस ३० ते ६० मिनिटं घाम येईल असा खेळ.

गोळी जन्मभर चिकटते हेही सरसकट खोटं. घसा धरल्यावर एक ते तीन आठवड्यांनी, किंवा खरूज-फोड पिकल्यावर तीन ते सहा आठवड्यांनी किडनीला सूज येते. सकाळी डोळ्यांभोवती सूज, लघवी काळ्या चहासारखी आणि बीपी चढलेला. अशा मुलाची गोळी बहुधा काही आठवड्यांत बंद होते. वजन उतरलं की काहींची गोळी डॉक्टर कमी करत आणतात. किडनीच कायमची दुबळी असेल तर ती लांबते, कारण चढलेला बीपी उरलेली किडनीही खातो. पण बंद करायची की नाही हे डॉक्टर ठरवतील. क्लोनिडिनसारखी गोळी एकाएकी तोडली तर बीपी उसळून वर जातो.

आणि वहिनी, मुलाला जोराची डोकेदुखी, उलट्या, अंधुक दिसणं, झटका (फिट) किंवा भ्रमिष्टासारखं वागणं यातलं काहीही दिसलं, तर रात्र असो की दिवस, ग्रुपवर विचारत बसू नका. सरळ जिल्हा रुग्णालय गाठा, सोबत गोळ्यांची पाकिटं घ्या.